शोभीचा गुलाबी टॉवेल

आईच्या पोटरीवर नायटा उठलाय. तिचा टॉवेल घरात दुसऱ्या कुणी वापरायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं, म्हणून मानवतच्या बाजारात नवा घ्यायला गेलो. दुकानदारानं गुलाबी टॉवेलची घडी उलगडली, कोऱ्या कापडाचा वास आला आणि आमचं ताडकळसचं अंगण डोळ्यांपुढं उभं राहिलं.

तेव्हा माझ्या थोरल्या बहिणीला, शोभीला, मानेवर नायटा झाला होता. आम्हा सगळ्यांत मिळून एकच विटका पंचा, पण शोभीसाठी आईनं खास गुलाबी टॉवेल आणला. रोज दुपारी आई तरोट्याचं बी लिंबाच्या रसात वाटायची, शोभीला पुढ्यात घेऊन मानेवर लेप लावायची आणि वरून हळूहळू फुंकर घालायची. शोभी आगीनं रडायची, हे आता आठवतं. तेव्हा मला फक्त फुंकर दिसायची. एकदा तो टॉवेल ओढून मी माझ्या मानेवर खसाखसा घासला.

"ठेव तो! तुलाबी व्हायचाय का नायटा?" आई ओरडली.

"होऊ दे की!"

झाला मात्र नाही. कातडीसुद्धा मेली माझ्याच विरोधात.

शोभी आता पुण्याला असते, दिवाळीला तेवढी येते. आज संध्याकाळी आईच्या पायाला मीच मलम लावलं, नकळत फुंकरही घातली. मग नवा टॉवेल तिच्या मांडीवर ठेवला. तिनं तो गालाला लावला. लय खूश झाली.

"शोभीनं धाडला का रे?"