व्याह्याच्या मोबाईलातली विहीर

माझी शाळा चौथीपर्यंत. तेवढ्यावर मी जमीन केली, विहीर पाडली, पोरं हाताशी आणली अन् पोरगी उजवली. आता म्हातारपणी मोबाईलवर खेळतो म्हणून गावात हसतात. हसू द्या. हसणारे सगळे दिवसभर पारावर बसून दुसऱ्याच्या घरात काय शिजलं त्याची चौकशी करणारे आहेत. मी निदान माझ्या हातानं काही बांधत होतो.

आम्ही तिघं दोस्त. एक मी. दुसरा पाटोद्याचा मिस्त्री, पाण्याच्या मोटारी भरणारा. जळालेली मोटार त्याच्या दुकानात टाकायची अन् तो तार गुंडाळेपर्यंत तिथंच बसायचं, यातून आमची दोस्ती झाली. तिसरा आष्टीकडच्या गावचा. बैलबाजारात ओळख झाली, ती वाढली. जवान होतो तेव्हा तिघं एका ताटात जेवलेलो आहोत. बोलणं सगळं अरे-बेचं.

मग त्या तिसऱ्याच्या पोराला मी माझी पोरगी दिली. मिस्त्रीच मधे होता. मला वाटलं, दोस्ती पक्की झाली. झालं उलटं. मांडवात तो गादीवर बसला अन् मी हात जोडून उभा राहिलो. त्याच्या भावकीनं मानपानावरून तोंडं वाकडी केली तेव्हा तो खाली मान घालून पान जुळवत बसला, एक शब्द बोलला नाही. त्या दिवसापासून तो व्याही झाला. मला 'पाव्हणं' म्हणायला लागला, मी त्याला 'तुमी' म्हणायला लागलो. लेक त्याच्या घरात गेली आणि दोस्त माझ्या घरातून गेला.

आमच्यात एक रीत आहे. पोरीच्या घरचं बाप खात नाही, पाणीसुद्धा पीत नाही. तिला मूल झालं की चालतं म्हणतात. मी मूल झाल्यावरही पाळत राहिलो. माझ्या बापानं मरेपर्यंत पाळलं होतं. लेकीला भेटायला जायचो तर पिशवीत भाकरी अन् पाण्याची बाटली माझी मी न्यायचो. व्याह्याला ते लागायचं. लागू दे, म्हटलं. मांडवात मला काय काय लागलं ते त्यानं कुठं विचारलं?

खेळ आणला मिस्त्रीनं. दिवाळी झाली की आमच्याकडची निम्मी गावं ऊस तोडायला जातात. मागं आम्ही म्हातारे राहतो. दुकानात गिऱ्हाईक नाही. अशात त्यानं मोबाईलमध्ये हे कुठून तरी धुंडून काढलं. एक जग असतं, सगळं चौकोनी ठोकळ्यांचं. डोंगर चौकोनी, झाडं चौकोनी, मेंढरं चौकोनी. माती खणायची, दगड फोडायचा, लाकूड तोडायचं अन् मनाला येईल ते बांधायचं. कुणी जिंकत नाही, हरत नाही. जमीन संपत नाही, पाणी आटत नाही.

"बादलीनं कितीबी उपस," मिस्त्री म्हणाला, "पुन्हा तेवढंच."

हे ऐकून मी मोबाईल पुढं ओढला.

एकट्यानं खेळायचा तर खेळ सोपा आहे. तिघांना एका जागी आणायचं म्हणजे वैताग. बाजाराच्या दिवशी मी अन् व्याही दोघंही पाटोद्याला यायचो, तर मिस्त्रीनं दोघांना दुकानात बसवलं. एकानं हॉटस्पॉट लावायचा, बाकीच्यांनी त्याचं नेट धरायचं. ज्याच्या मोबाईलात जग, त्यानं आधी आत जायचं, मग बाकीच्यांच्या यादीत त्याचं नाव उमटतं, त्यावर बोट ठेवायचं. एवढं तर एवढं. पण माझ्या खेळाचं नवं रूप आलेलं अन् व्याह्याचं जुनंच, म्हणून नाव दिसूनही आत घेईना.

"तिघांचं एकसारखं पायजे," मिस्त्री म्हणाला. "यार, मोटारीचे तीन फेज असतात ना, एक गेला की मोटार गुरगुरते, फिरत न्हाई. तसं हाय हे."

"मग माझाच फेज गेलाय म्हणा," व्याही म्हणाला.

"तुझा तर लग्नापासून गेलाय."

तिघंही हसलो. लई दिवसांनी हसलो.

नवं रूप उतरवून घेण्यात व्याह्याचं दिवसाचं नेट संपलं. माझ्या मोबाईलात जग उघडलं तर तिघं आत आले की मोबाईल तव्यासारखा तापायचा अन् बंद पडायचा. तो पोरानं वापरून मला दिलेला. मिस्त्रीच्या मोबाईलची काच फुटलेली, निम्म्या जागेत बोटच लागत नव्हतं. व्याह्याचा मोबाईल मोठा, नवा. म्हणून जग त्याच्या मोबाईलात ठेवायचं ठरलं. मला तेव्हाच खटकलं होतं. इथंही गादी त्यालाच. जग त्याच्या खिशात. त्याला चहाची तलफ आली अन् त्यानं मोबाईल बंद केला की आम्ही दोघं जिथं असू तिथून बाहेर फेकले जायचो. पण बोललो नाही. खेळ तर खेळ.

पुढं मिस्त्रीनं आमची नावं एकमेकांच्या दोस्तांच्या यादीत घातली. मग बाजाराची वाट बघायला नको. मी माझ्या ओसरीवर, व्याही त्याच्या घरी, मिस्त्री दुकानात, अन् तिघं एका जागी. बोलायला ग्रुप कॉल लावून ठेवायचो. जेवणं झाली की व्याह्याचा फोन यायचा, "उघडलंय बे, ये."

बे. इतक्या वर्षांनी. व्याही म्हणून समोर आला की पाव्हणं, अन् त्या ठोकळ्यांच्या गावात बे. तिथं त्याला कुणी बघत नव्हतं, मलाही नव्हतं.

व्याह्यानं वाडा बांधायला घेतला, मिस्त्री कळ दाबली की उघडणारे दरवाजे करायचा, त्याचीच मेंढरं त्यातून पळून जायची. मी विहीर घेतली.

"सगळीकडं पाणी असताना विहीर कावून बे?" व्याह्यानं विचारलं.

"गाव म्हटल्यावर विहीर पायजे."

माझ्या शेतातली विहीर मी स्वतः सुरुंग लावून, घमेलं डोक्यावर वाहून पाडलेली आहे. तिला पायऱ्या करायची हौस होती, ती पैशापायी राहिली. ती इथं केली. दगड भट्टीत घालून गुळगुळीत करून घ्यायचा, मग एकेक बसवायचा. उतरताना डावीकडं वळण दिलं, वळणावर दिवा लावायला कोनाडा ठेवला. तळाला पाणी सोडलं तेव्हा मिस्त्रीनं वरून उडी मारली.

"अरे, आधी पूजा तर करू दे," मी म्हणालो.

"झाली पूजा. आंघोळपण झाली."

या खेळात माणसाला भूक लागते. वेळेवर खाल्लं नाही तर पळता येत नाही, पुढं पुढं जीव कमी होतो. व्याह्यानं वाड्याच्या दारात एक पेटी ठेवलेली, तिच्यात पाव भरून ठेवायचा, कुणीही उघडावं अन् खावं. मिस्त्री खायचा. मी खात नव्हतो. मी विहिरीच्या कडेला माझा वेगळा गव्हाचा वाफा केला होता. एकदा गहू पिकायचा होता अन् माझी भुकेची पट्टी पार तळाला गेली, तरी मी रखडत दगड वाहत होतो. व्याह्यानं ते पाहिलं.

मग तो म्हणाला, "इथंबी पोरीचा बाप का बे तू?"

मिस्त्री म्हणाला, "खा यार. इथं कुठं तुझी भावकी बघतीय?"

मी पेटी उघडली अन् पाव काढून खाल्ला. मला एकदम ते जुनं एका ताटातलं जेवण आठवलं. हे लिहायला मला लाज वाटत नाही.

इथं थांबलं असतं तर बरं झालं असतं. पण त्यानं ते बाहेर आणलं. नातवाचं जावळ निघालं तेव्हा फोनवर म्हणाला, "आता जेवायचं हं. पेटीतलं खाल्लंयस."

मी म्हणालो, "बघू."

बघू म्हणजे हो नव्हे. खेळ वेगळा, घर वेगळं. जावळाला त्याची सगळी भावकी, माझी सगळी भावकी. पंगत बसली. माझ्यासमोर पत्रावळ मांडली. मी हात जोडले अन् बाजूला जाऊन माझ्या पिशवीतली भाकरी काढली. माझ्या बापाला ओळखणारे लोक तिथं होते. त्यांच्यादेखत मी त्याची रीत मोडायची होती का?

व्याही पंगतीत वाढत होता. त्यानं बघितलं. हातातली बादली खाली ठेवली. मग जेवणं झाल्यावर मांडवात बसून त्यानं मोबाईल काढला अन् चार पाव्हण्यांना गाव दाखवायला लागला. हा वाडा, हे दरवाजे. एकानं विचारलं, "विहीर भारी हाय. तुमी केली का?"

"न्हाई," तो म्हणाला. माझ्याकडं बघून म्हणाला. "व्याह्यांकडनं खोदून घेतली. तेवढं करतेत आमच्यासाठी. जेवत मात्र न्हाईत."

मांडव हसला. माझी भावकीही हसली. लेक पाणी वाटत होती, तिच्या हातातला तांब्या तसाच राहिला.

खोदून घेतली. मजुराकडून घेतात तशी. मी पोरीचा बाप, त्याच्या मांडवात बसलेलो, काय बोलणार? पिशवी उचलली अन् एस.टी. धरली.

पुढल्या वेळी त्यानं जग उघडलं तेव्हा मी आत गेलो. कॉल उचलला नाही. माती खणली अन् विहिरीत टाकायला लागलो. माझी विहीर, मी बुजवणार. कोनाडा बुजवला, वळण बुजवलं. व्याही वाड्याच्या गच्चीवर उभा राहून बघत होता. मिस्त्री मधे येऊन नाचत होता, म्हणजे थांब म्हणत होता. निम्मी बुजली अन् माझा हात चालेना. ठोकळा फुटेना, माती पडेना. पडद्यावर काही तरी लिहून आलं. मिस्त्रीला फोन लावून विचारलं.

"तुला पाव्हणा केलं त्यानं," मिस्त्री म्हणाला. "ज्याचं जग, त्याला करता येतं. पाव्हण्यानं फिरायचं, बघायचं. कशाला हात लावायचा न्हाई. पेटीबी उघडत न्हाई."

"बरं."

"बरं काय? तू बुजवलं कावून पण? म्हातारे झालात तरी अक्कल न्हाई. लग्न पोरांचं लावलं मी, अन् काडीमोड तुमचा चाललाय."

त्यानं दोघांना दुकानात बोलावलं. मी गेलो नाही. व्याही म्हणे आला होता, चहा पिऊन गेला.

मग लेकीचा फोन आला. सासऱ्याला ती मामा म्हणते. ती कधी तक्रार करत नाही, त्या दिवशीही केली नाही. म्हणाली, "अण्णा, मामा घरात कुणाशी बोलंनात. कोपऱ्यात मोबाईल घेऊन बसतेत. तुमची विहीर उपसायलेत. एकदा जाऊन बघा ना. माझ्यासाठी."

तिच्यासाठी गेलो. नाहीतर गेलो नसतो.

त्याचं नाव यादीत हिरवं दिसलं, बोट ठेवलं, आत घेतलं. विहीर मोकळी होती. माती सगळी काढलेली. पायऱ्या पुन्हा बसवल्या होत्या, पण वळण चुकलेलं. मी डावीकडं दिलं होतं, त्यानं सरळ खाली नेलं होतं. कोनाड्याच्या जागी भोक. बाजूला माझा गव्हाचा वाफा मात्र राखलेला, गहू पिकून उभा. तो विहिरीच्या काठावर उभा होता.

कॉल त्यानं लावला नाही, मीही लावला नाही.

मी उतरलो अन् एक पायरी नीट करायला हात घातला. तीच ओळ पडद्यावर आली. अजून पाव्हणाच. बघायला बोलावलं होतं, हात लावायला नव्हे. माझा गहूसुद्धा मला काढता येईना. वर आलो. भुकेची पट्टी तळाला गेली होती, ते माझ्या रखडत चालण्यावरून त्यालाही कळलं असणार. तो वाड्याकडं गेला, पेटी उघडली, परत आला, अन् त्यानं माझ्या पायापुढं पाव टाकला.

त्याला वाटलं असेल, मोठं मन केलं. असेलही केलं. पण पेटी माझ्यासाठी उघडी ठेवली असती तर मी माझ्या हातानं काढून खाल्ला असता. एकदा खाल्ला होता की. पुढ्यात टाकलेलं मी उचलत नाही. त्या खेळात नुसतं अंगावरून चाललं तरी वस्तू आपोआप गोळा होते, म्हणून मी एक पाऊल मागं सरलो.

पाव तिथं जमिनीवर गोल गोल फिरत राहिला. तो एका बाजूला, मी एका बाजूला. खेळात टाकलेली वस्तू कुणी उचलली नाही तर काही वेळानं आपोआप नाहीशी होते. तोवर आम्ही दोघं उभे राहिलो. पाव गेला. मी बाहेर पडलो.

लगेच लेकीचा फोन आला.

"गेलता का, अण्णा?"

"गेलतो."

"विहीर बघितली?"

"बघितली. वळण चुकलंय."

मग तिनं हळू आवाजात विचारलं, "खाल्लं का काही?"

"न्हाई."

पलीकडं, तिच्या अगदी जवळ, तिच्या सासऱ्याचा खोकला ऐकू आला. तो ऐकत बसला होता. मी फोन ठेवला.