विहिरीत पडणारा माणूस

"हसू नका! माणूस गेलाय तिकडे!" आमच्या खानावळीचे मालक, केरळचे अण्णा, पळी उगारून गिऱ्हाइकांवर ओरडत होते. टीव्हीवर त्यांच्या लाडक्या मल्याळी विनोदी नटाचा देह फुलांत ठेवला होता, आणि शेजारच्या चौकटीत तोच नट धपकन विहिरीत पडत होता. खोटं कशाला सांगू, पहिला फिसकन हसलो तो मीच. मग स्वतःचाच संताप आला.

चाळीस वर्षं हा माणूस पडतच आला. त्याच्या टाळक्याला ओळखत नाही अशी विहीर केरळात उरली नसेल! नायकाच्या पांढऱ्याशुभ्र लुंगीवर कधी शिंतोडा उडाला नाही. पुरस्कार नायकाला, पडसं याला. निदान आज तरी कोरडा राहू द्यायचा होता मेल्यांनी! तेवढ्यात अंत्यदर्शनाला एक नायक आला, आणि सगळे कॅमेरे फुलांकडे पाठ करून त्याच्यामागे धावले. चौकटीतला मात्र अजून पाण्यात हातपाय मारत होता.

अण्णांचे डोळे भरले. मी खेकसलो, "अहो अण्णा, बंद करा ना तो टीव्ही!"

"करतो," अण्णा म्हणाले. "आधी त्यांना विहिरीतून वर येऊ द्या."