ट्रॅप्ड, स्टक आणि हळदीचा ड्रम

ज्या दिवशी माझं लग्न ठरायचं होतं, त्या दिवशी दुपारी मी हळदीच्या ड्रममध्ये होतो.

यात माझी चूक काहीच नव्हती. (हे वाक्य मी गेली कित्येक वर्षं सगळ्यांना ऐकवत आलोय. अजून एकानेही ते मान्य केलेलं नाही.) चूक असलीच तर ती इंग्रजी भाषेची होती. एका माणसाला अडकवायला एक शब्द पुरेसा असताना त्या लोकांनी दोन-दोन शब्द करून ठेवले, त्याला मी काय करणार?

तेव्हा नव्वदीचं दशक निम्म्यावर आलं होतं. वसमत तालुक्यात, हट्ट्याच्या अलीकडे आमची शेती. घरही शेतातच; त्याला आमच्याकडे आखाडा म्हणतात. दादा शेती बघायचा आणि मी गावात इंग्रजीच्या शिकवण्या घ्यायचो. गाव मला 'सर' म्हणायचं, पण मुलीकडचे लोक आले की 'सर' लगेच 'नोकरी नसलेला मुलगा' व्हायचे. पोहे खाऊन, ढेकर देऊन, "कळवतो" म्हणून जायचे. कळवायचं मात्र कोणी नाही! मायनं तर शेवटी पोह्यात शेंगदाणे टाकायचं बंद केलं. म्हणायची, "नकार द्याचाच हाय त साध्या पोह्यावर देतील."

अशात कळमनुरीकडचं एक स्थळ आलं. मुलीचे वडील शाळेत गुरुजी. मुलगा इंग्रजी शिकवतो म्हटल्यावर ते खूश झाले आणि "नोकरीचं पाहू पुढं, आधी माणूस पाहू," असं म्हणाले. असं बोलणारा सासरा साऱ्या जिल्ह्यात दुसरा मिळाला नसता! आदल्या महिन्यात मी मुलगी पाहून आलो होतो. ती मला पसंत होती. पसंत कसली, मी तिकडून परत आल्यापासून गुणगुणत हिंडत होतो. आता गुरुजी आणि मुलीची आत्या आमचं घर पाहायला येणार होते. हे स्थळ गेलं की मी जन्मभर दुसऱ्यांच्या लग्नात वाढपी म्हणून राहणार, हे मला आणि वाढप्यांनाही कळून चुकलं होतं.

पाहुणे चारला येणार होते. दादा त्यांना आणायला फाट्यावर गेला होता. माय शेजारच्या आखाड्यावर चांगल्या कपबशा मागायला गेली होती. मी अंघोळ करून, पांढराशुभ्र शर्ट घालून, पावडर लावून तयार होतो. मी तसाच खाटेवर बसून राहिलो असतो तर ही गोष्टच घडली नसती. पण वहिनी पुस्तक घेऊन आली.

वहिनी बाहेरून बी.ए. करत होती आणि दोन दिवसांवर तिचा इंग्रजीचा पेपर आला होता. लग्नानंतर, दोन लेकरं सांभाळून, चुलीपुढं बसून अभ्यास करणारी बाई! तिच्यापुढे मी शिकवायला बसलो की अंगात यायचं माझ्या.

"भावजी, ट्रॅप्ड म्हंजे काय वो?"

"अडकलेला."

"मंग स्टक म्हंजे?"

"तेपण अडकलेलाच."

"दोन्ही एकच हाय त दोन शब्द काहून केले?"

आता आली का पंचाईत! शिकवण्यांमध्ये असा प्रश्न कोणी विचारला की मी "पुढच्या तासाला सांगतो" म्हणून सुटायचो. पण घरात पुढचा तास कुठून आणणार? शिवाय माझं एक तत्त्व होतं : शब्द घोकायचा नाही, करून दाखवायचा. 'जम्प' शिकवताना मी वर्गात उडी मारायचो. 'फॉल' शिकवताना पडायचो. (एकदा खरंच पडलो होतो. पोरांना तो शब्द कायमचा पाठ झाला.)

"वहिनी, हे बघ. बोटात अंगठी रुतली, निघेना, हलेना, ती झाली स्टक. आणि पिंजऱ्यात उंदीर सापडला, आत इकडून तिकडं पळतो, पण बाहेर येता येत नाही, तो झाला ट्रॅप्ड. समजलं?"

"न्हाई," वहिनी प्रामाणिकपणे म्हणाली.

मी अंगणात नजर फिरवली आणि मला समोर आमचा ड्रम दिसला.

हळद शिजवून वाळवली की ती मातकट, खरबरीत दिसते. तिला चकाकी यावी म्हणून ती छिद्राछिद्रांच्या पत्र्याच्या मोठ्या पिंपात भरतात आणि दोन्ही बाजूंच्या दांड्यांनी ते आडवं पिंप गरागरा फिरवतात. हळकुंडं एकमेकांवर घासून लखलखीत होतात. गावात बाकीचे लोक ड्रम भाड्यानं आणायचे. आमचा घरचा होता. दादानं वसमतच्या वेल्डरपुढं तीन दिवस उभं राहून तो करून घेतला होता आणि घरात लेकरांपेक्षा त्याला जास्त जपलं जायचं. सकाळीच हळदीचा एक घाणा निघाला होता, त्यामुळे ड्रम रिकामा होता. तळाला थोडी भुकटी आणि चार हळकुंडं, एवढंच.

"ये इकडं," मी म्हणालो आणि दार उघडून आत शिरलो! पांढऱ्या शर्टासकट! "आता मी आत हलू शकतो की नाही? हा बघ हात हलतो, हा पाय हलतो. आता दार लाव."

वहिनीनं दार लावलं. आणि मग बाजूचा दगड उचलून कडीतल्या लोखंडी खुंटीवर ठाण, ठाण, ठाण असे घाव घातले.

त्याला कारण होतं. मागच्या साली ड्रम फिरताना दार उघडून हळद अंगणभर उधळली होती. तेव्हापासून दादाचा कायदा होता की दार लावलं की खुंटी दगडानं ठोकायची. घरातल्या सगळ्यांच्या हाताला ती सवय लागली होती. ती खुंटी काढायचं काम मात्र फक्त दादाला जमायचं, तेही पहार घेऊन.

"वहिनी! ठोकली काहून?"

"तुमीच म्हनलं न दार लाव!"

"लाव म्हणलं, ठोक न्हाई म्हणलं!"

"आपल्याकडं लावनं म्हंजे ठोकनंच की वो!"

तिनं खुंटी ओढली. मग पदर गुंडाळून ओढली. मग दगडानं उलटीकडून ठोकली, तर ती आणखी घट्ट बसली! मी म्हटलं, आपणच आतून रेटावी. म्हणून खुंटीजवळच्या छिद्रातून बोट बाहेर काढलं. बोट गेलं सरसर, पण परत येईना.

वहिनी क्षणभर त्या बोटाकडे बघत राहिली आणि तिचा चेहरा एकदम उजळला.

"समजलं भावजी! आता बराबर समजलं! तुमी ट्रॅप्ड, आन् तुमचं बोट स्टक!"

काय सांगू, त्या अवस्थेतही मला आनंद झाला! मास्तर तो मास्तरच. "शाब्बास!" मी आतून ओरडलो. "आता तेल आण!"

तिनं गोडेतेल आणलं, बोट चोळलं, बोट सुटलं. मी म्हटलं, आता दादा यायला तासभर आहे, तोवर माय येईल, काहीतरी मार्ग निघेल. तेवढ्यात गाडीचा हॉर्न वाजला.

काळीपिवळी जीप! एरवी ही जीप माणसं टपावर बसेपर्यंत फाट्यावरून हलत नाही. त्या दिवशी ती पाहुण्यांना घेऊन वेळेच्या तासभर आधी आली. आमच्या भागाच्या इतिहासात जीप वेळेआधी पोचल्याचं हे एकमेव उदाहरण असावं आणि ते माझ्याच नशिबी लिहिलेलं होतं.

"भावजी, सांगू का त्यायला?" वहिनी कुजबुजली.

"अजिबात नको! पोते टाक वरून. त्यांना घरात ने, चहा दे. दादाला हळूच बाजूला घेऊन सांग. मी गप बसतो."

वहिनीनं चार रिकामी पोती ड्रमवर टाकली आणि आत पळाली. मी गुडघे पोटाशी घेऊन, श्वास रोखून बसलो. अंगणात पावलं वाजली. दादाचा आवाज, गुरुजींचा शांत आवाज आणि एक खणखणीत बायकी आवाज. तो आत्याबाईंचा.

"नवरदेव कुटं हायेत?" आत्याबाईंनी आल्या आल्या विचारलं.

"इथंच असंल," दादा म्हणाला. (किती खरं बोलला बिचारा!) "बसा तुमी. पानी घ्या."

"बसू की. आदी शेतीबाडी तं पाहू. हळद लावता म्हने. मंग पालिश कुटं करता? भाड्याच्या ड्रमात?"

झालं! हा प्रश्न माझ्या दादाला विचारायचा नसतो. त्याच्या वर्मावरच बोट.

"भाड्याच्या?" दादाचा आवाज चढला. "आत्याबाई, घरचा ड्रम हाय आपला! या, दाखवतो!"

आणि पोती सरकन खाली आली. मी खाली अंग चोरून घेतलं. छिद्रांतून मला गुरुजींचा चष्मा आणि आत्याबाईंचं हिरवं लुगडं तुकड्यातुकड्यांत दिसत होतं. त्यांना आतलं काही दिसत नसावं, कारण बाहेर रखरखीत ऊन आणि आत काळोख. मनात म्हटलं, पाहतील आणि जातील. पाहण्यात काय एवढं!

"कसा फिरतो पाहा," दादा म्हणाला. "एका हातानं फिरवा, एवढा हलका!"

त्यानं दांडी धरली.

पुढचं मला क्रमानं सांगता येणार नाही, कारण वर आणि खाली यांचा क्रमच राहिला नव्हता. मी आधी डोक्यावर होतो, मग पाठीवर, मग कशावर होतो ते मलाही ठाऊक नाही. चार हळकुंडं माझ्या मागे आणि मी हळकुंडांच्या मागे. भुकटीचा नुसता धुरळा!

"जड फिरून राहिला आज," दादा बाहेरून धापा टाकत म्हणत होता. "हळद ओली राहिली वाटते. आवाज ऐका गुरुजी, धबधब येऊन राहिला."

"रिकामा नाही का मग?" गुरुजींनी विचारलं.

"असंल थोडी." आणि मर्द गड्यानं आणखी जोर लावला!

तेवढ्यात वहिनी चहाचा ट्रे घेऊन बाहेर आली. तिनं ते दृश्य पाहिलं आणि ट्रे जागच्या जागी सोडून दिला. सगळे कप फुटले. (तेवढ्यात माय शेजारच्या कपबशा घेऊन आलीच, हे त्यातल्या त्यात बरं.)

"अवो थांबवा! आत भावजी हायेत!"

ड्रम थांबला. दादानं हळूच छिद्राला डोळा लावला. आतून मी त्याच्याकडे पाहत होतो.

"तू?" दादा म्हणाला. "काहून?"

पहार आली, खुंटी निघाली, दार उघडलं आणि मी बाहेर पडलो. शर्ट पिवळा, केस पिवळे, पापण्या पिवळ्या, कानांत हळद. मी डगमगत उभा राहिलो. समोर दोन-दोन गुरुजी दिसत होते, त्यांतल्या मधल्या जागेकडे बघून मी हात जोडले. बोललो मात्र काहीच नाही. आता बोलण्यासारखं राहिलं तरी काय होतं? गेलं स्थळ! त्या क्षणी मला खरंच रडू येत होतं.

"हे आत काय करत होते?" गुरुजींनी विचारलं.

मी वहिनीकडे बोट दाखवलं.

"परीक्षेचा शब्द शिकवून राहिले होते," वहिनी घाबरत म्हणाली. "ट्रॅप्ड. म्हंजे आतमंदी हलता येतं पन भाईर येता येत न्हाई. आन् स्टक म्हंजे हलताच येत न्हाई."

"बरोबर," गुरुजी म्हणाले. शिक्षकाच्या तोंडून ते आपोआप निघालं असावं. मग ते माझ्याजवळ आले. "लागलं का कुठं?"

मी 'नाही' अशी मान हलवली.

"भावावर राग आला?"

मी पुन्हा मान हलवली आणि पुन्हा हात जोडले.

गुरुजी आत्याबाईंकडे बघायला लागले. आत्याबाई तोंडात पदर कोंबून हसत होत्या, डोळ्यांतून पाणी चाललं होतं. जरा सावरल्यावर त्यांनी डोळे पुसले आणि निकाल दिला.

"आता काय इचारायचं भाऊ! हळद लागली की पोराला. हळद लागलेलं पोरगं तसंच सोडून गेलं तं पाप लागंल आपल्याला. साखर आना!"

दादा साखर आणायला धावला, माय पाण्याचा तांब्या घेऊन धावली आणि दहा मिनिटांत माझं लग्न ठरलं! वहिनी इंग्रजीत पास झाली. मी मात्र लग्नाच्या आदल्या दिवसापर्यंत पिवळाच होतो. खऱ्या हळदीच्या वेळी बायका म्हणाल्या, याला नुसती बोटं लावा, बाकी सोय झालेली आहे.

माझ्या इंग्रजीवर भाळूनच गुरुजींनी मुलगी दिली, या समजात मी पुढची दहा-बारा वर्षं मजेत काढली. मग एकदा माझ्या मेहुणीच्या लग्नात, भर मांडवात, सासरेबुवा नव्या व्याह्यांना ती गोष्ट सांगायला लागले.

"इंग्रजीचं सोडा हो," ते म्हणाले. "इंग्रजी कोणालाही येतं. पण सख्ख्या भावानं पाहुण्यांदेखत गरागरा फिरवलं, तरी या माणसानं तोंडातून चकार शब्द काढला नाही! वर हात जोडले! तिथंच ठरवलं मी. एवढा शांत माणूस, आपली पोरगी सुखात राहील."

सगळा मांडव माझ्याकडे आदरानं बघायला लागला. मी नम्रपणे मान खाली घातली. फक्त बायको मला कोपऱ्यात घेऊन गेली. भाजीत मीठ कमी पडलं तर मी काय काय बोलतो, हे तिला दहा वर्षांपासून पाठ होतं.

"खरं सांगा," ती म्हणाली. "त्या दिवशी तुमी गप काहून होते?"

आता बायकोपासून काय लपवायचं! ड्रम फिरला तेव्हा दादाच्या सात पिढ्यांचा उद्धार करायला मी तोंड उघडलं होतं (त्या पिढ्या माझ्याही आहेत, हे घाईत राहून गेलं). आणि नेमकी तेवढ्यात मूठभर भुकटी तोंडात गेली. पाहुण्यांसमोर थुंकायची कशी? मायनं आणलेल्या तांब्यातल्या पाण्यानं ती कशीबशी गिळून, घसा साफ करून मी दादाला शिवी द्यायला पुन्हा तोंड उघडलं, तर आत्याबाईंनी त्यात साखर कोंबली!