इंदिरानगरचे पंजाबी काका

माझ्या मावशीच्या यजमानांइतकं पंजाबी गाण्यांचं वेड खुद्द पंजाबातही कुणाला नसेल, हे मी पैजेवर सांगते. काका मूळचे सिन्नरकडचे. पंजाबी त्यांना ओ की ठो कळत नाही, तरी ढोल वाजला की इंदिरानगरच्या त्या दोन खोल्यांत त्यांचे खांदे आपोआप उडायला लागायचे. इंटरनेट फोनच्या तारेतून यायचं, त्या काळात एक गाणं उतरायला अख्खी दुपार जायची आणि तेवढा वेळ घरचा फोन बंद. माझ्या साखरपुड्याचं कळवायला बाबांना शेवटी स्कूटर काढावी लागली. ते दारात दिसताच काका ओरडले, "फोनला हात लावू नका हं, गाणं अर्ध्यावर आलंय!"

ही गाणी अनोळखी माणसांच्या कॉम्प्युटरवरून यायची आणि काकांकडची तशीच दुसऱ्यांकडे जायची. म्हणून काका कॉम्प्युटर बंदच करत नसत. "कुणीतरी घेतंय अजून. जेवत्या पाहुण्याला पानावरून उठवायचं का?" मावशी बिचारी त्या घरघरीतच पोळ्या लाटायची आणि तीच गाणी अस्सल नाशिकच्या उच्चारांत गुणगुणायची. एकदा काकांनी स्पीकरवर गाणं लावलं, तिच्यासमोर माइक धरला आणि गाण्यासकट तिचा आवाज रेकॉर्ड केला. मावशीच्या नावाने कोण घेणार, म्हणून फाइलला मूळ गाण्याचंच नाव दिलं आणि दिली जगात सोडून.

"अहो, काढा ते, लोक हसतील," मावशी म्हणाली.

लोकांनी धडाधड नेलं. पुढे कॉम्प्युटर बिघडला, दुरुस्तीत सगळं पुसलं गेलं. काकांना काहीच वाटलं नाही. "जगभर आहे की! कधीही मागून घेऊ."

मावशी गेली तेव्हा लक्षात आलं, तिचा आवाज घरात कुठेच नाही. लग्नाच्या कॅसेटमध्ये नुसता बँड वाजतोय. आणि त्या नावाच्या फाइली जगात ढिगाने आहेत. काका रोज कुणाकुणाला लिहून त्या मागवतात, एकेक ऐकतात. मला ते बघवत नाही.

परवा गेले तर असंच एक गाणं चालू होतं. आवाज मूळ गायिकेचा, पहिल्याच ओळीला कळत होतं. काका मात्र डोळे मिटून बसलेले.

"काका, यात मावशी नाहीये. बंद करू?"

"थांब गं. पहिलं कडवं ती गप्पच होती. लाजत होती ना."

आम्ही दोघांनी ते शेवटपर्यंत ऐकलं. मावशी आली नाही. काकांनी पुढचं लावलं.