रायफलसकट

नंदू टिपणीस हा माझा नवरा. त्याच्याबद्दल लिहायचं तर आधी त्याच्या सैन्याबद्दल लिहावं लागतं, आणि तिथेच माझं डोकं फिरतं. सैन्य म्हणजे सोव्हिएत रशियाची लाल सेना, एकेचाळीस ते पंचेचाळीस. हा माणूस कॉलेजात एनसीसीला दांड्या मारायचा, झुरळ दिसलं की मला हाक मारतो. पण कुठली रायफल डिव्हिजन कुठल्या महिन्यात कुठल्या नदीकाठी होती, हे त्याला झोपेतून उठवून विचारा. विचारू नका खरं तर, कारण तो सांगेल.

हे खूळ ठाण्याचं. तो शाळेत असताना तिथे रशियन पुस्तकांची प्रदर्शनं भरायची, पुस्तकं अगदी स्वस्त. बाकीची मुलं परीकथा घ्यायची, हा नकाशे घेऊन आला. नकाशे वाचायला म्हणून रशियन लिपी शिकला, मग डिक्शनरी घेऊन वाचण्या-लिहिण्यापुरती भाषाही. पुढे इंजिनियर झाला, लग्न झालं, आम्ही ऑस्ट्रेलियात वॉलॉंगॉंगला आलो, तो पोर्ट केम्बलाच्या स्टील प्लांटला मेंटेनन्स प्लॅनर म्हणून लागला. सैन्य बरोबर आलंच. एक्सेलची एक फाइल आहे. ती उघडली की आमच्या लॅपटॉपचा पंखा ओरडायला लागतो.

लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात त्याने मला जेवणाच्या टेबलावर वाट्या मांडून ते सैन्य समजावलं होतं. दहा-अकरा माणसांची एक तुकडी. तशा चार मिळून प्लाटून, तीन प्लाटूनची कंपनी, तीन कंपन्यांची बटालियन, तीन बटालियनची रेजिमेंट, तीन रेजिमेंटची डिव्हिजन, वर तोफखाना वगैरे. "कागदावर चौदा हजारांच्या वर माणसं, सुचित्रा. पण प्रत्यक्षात कित्येकदा त्याच्या निम्मीही नसायची." मी म्हटलं, आमटी निवतेय. मग त्याने नंबरांचं सांगितलं. डिव्हिजनने पराक्रम गाजवला की तिला ‘गार्ड्स’ म्हणायचे आणि नवा नंबर द्यायचे. आणि एखादी डिव्हिजन पार संपली, की तोच नंबर, आतल्या रेजिमेंटांच्या नंबरांसकट, उचलून दुसरीकडे उभारलेल्या नव्या डिव्हिजनला द्यायचे. माणसं वेगळी, गाव वेगळं, नंबर तोच. हे वाक्य नीट लक्षात ठेवा. माझ्या नवऱ्याने ठेवलं नाही.

दोन हजार एकवीसच्या जूनअखेर सिडनीबरोबर आमच्याकडेही लॉकडाऊन लागला. नंदूला प्लांटवर जावंच लागायचं, भट्टी काही घरून चालत नाही. मी हॉस्पिटलच्या लॅबमध्ये, म्हणजे दिवसभर स्वॅब, स्वॅब आणि स्वॅब. आमची लेक स्पृहा खोलीत बसून ऑनलाइन बारावी करत होती आणि आम्ही काही विचारलं की एका शब्दात उत्तर द्यायची. अशात एका संध्याकाळी नंदू घरी आला तो डोळे चमकवत. मी ओळखलं, आता कुणीतरी रशियन निघालं.

निघालंच. प्लांटवरच्या व्हिक्टरची आई, लिडिया पेत्रोव्ना, वय सत्त्याण्णव. आमच्या घरापासून तीन किलोमीटरवर एका वृद्धाश्रमात राहायची. नंदू तिला आधी दोनदा भेटला होता. ती त्याला ‘इंडियन इंजिनियर’ म्हणायची. लाल सेनेत ती जखमींना आणणारी होती. अठराव्या वर्षी, पन्नास किलोची पोरगी, ऐंशी किलोच्या पुरुषांना रेनकोटवर घालून चिखलातून ओढत मागे आणायची. आणि नुसता माणूस आणून चालायचं नाही, त्याची रायफलही आणायची. तसा हुकूमच होता. पंधरा जखमी रायफलसकट आणले तर पदक, पंचवीस आणले तर त्याहून मोठं. हे ऐकून मी हातातलं लाटणं खाली ठेवलं. माणूस मरतोय आणि रायफल मोजताय? पण नंदू म्हणाला, लिडिया स्वतः त्यावर हसते. म्हणते, रायफलचा पट्टा दातात धरायचे.

तिचा भाऊ कोल्या तिच्याआधी सैन्यात गेला होता. त्याचं एक पत्र आलं, मग ‘बेपत्ता’ म्हणून कागद आला, आणि संपलं. लिडिया म्हणे प्रत्येक जखमीचं तोंड पुसून बघायची, कोल्या आहे का. ऐंशी वर्षं झाली. आता वृद्धाश्रमात भेटी बंद, व्हिक्टर काचेबाहेर उभा राहून फोनवर बोलायचा, आणि ती रोज एकच विचारत होती. कोल्याचं काय झालं? व्हिक्टरने नंदूला विचारलं, तुझ्या त्या फाइलीत काही सापडेल का, मेट?

मेटला, म्हणजे आमच्या या दोस्ताला, आणखी काय हवं! व्हिक्टरने पत्रावरच्या पत्त्याचा फोटो पाठवला. त्यावर रेजिमेंटचा नंबर होता. रशियन सरकारने जुने कागद स्कॅन करून इंटरनेटवर टाकलेत, त्यात नंदू शिरला. दहा दिवसांत बाहेर आला तो विजयी मुद्रेने. रेजिमेंटवरून डिव्हिजन, डिव्हिजनवरून मृतांची यादी, आणि यादीत कुझनेत्सोव एन. ऑगस्ट बेचाळीस, ऱ्झेव्ह शहराजवळ. लिडियाचं माहेरचं आडनाव कुझनेत्सोव आणि कोल्या म्हणजे निकोलाय. यादीत नावापुढे शेरा होता, "मृतदेह रणांगणावर राहिला." पुढे कधीतरी सगळ्यांना गोळा करून एका मोठ्या कबरीत ठेवलेलं. नंदूने त्या स्मारकाचा फोटो छापून घेतला, आणि रविवारी तो आत पाठवून आम्ही काचेबाहेर उभं राहून तिला सांगितलं. व्हिक्टरने फोनवर भाषांतर केलं.

लिडियाने सगळं ऐकलं. ती रडली नाही. एवढंच म्हणाली, "म्हणजे त्याला आणायला कुणी आलं नाही." आणि व्हीलचेअर भिंतीकडे वळवून घेतली.

तिचं ते वाक्य मला घरापर्यंत टोचत राहिलं. आणि मला काही टोचलं की मी भांडण काढते, हा माझा स्वभाव. घरी येऊन मास्क काढताक्षणी मी विचारलं, "नंदू, तो कुझनेत्सोव कोल्याच कशावरून?"

"नंबर जुळला, नाव जुळलं."

"एन म्हणजे निकोलायच? आणि कुझनेत्सोव किती असतील तिकडे?"

"बरेच," तो म्हणाला. "आपल्याकडे पाटील आहेत तसे."

"अरे मग! आमच्या लॅबमध्ये एका नंबरावर कुणी रिपोर्ट सोडला तर मी त्याला उभा-आडवा घेईन. नाव आणि जन्मतारीख, दोन्ही जुळल्याशिवाय ट्यूबला हात लावत नाही आम्ही. तुझी तारीख कुठेय? ते पत्र कधीचं आहे?"

नंदू उभा होता तो खुर्चीवर बसला. व्हिक्टरने फक्त पत्त्याचा फोटो पाठवला होता. तारीख याने मागितलीच नव्हती. लगेच फोन केला. पाच मिनिटांत अख्ख्या पत्राचा फोटो आला. तेव्हा पाकिटं नसायची, कागदालाच त्रिकोणी घडी घालून पाठवायचे. ती घडी उलगडून आत तारीख होती, चौदा सप्टेंबर एकेचाळीस.

मला काही कळलं नाही, पण नंदूचा चेहरा उतरला. त्या नंबरची पहिली डिव्हिजन एकेचाळीसच्या ऑक्टोबरात व्याझ्माला जर्मनांच्या वेढ्यात सापडून संपली होती. बेचाळीसमध्ये ऱ्झेव्हला लढली ती त्याच नंबरची दुसरी, सायबेरियात उभारलेली. ज्या माणसाने मला वाट्या मांडून हे शिकवलं होतं, त्यानेच एका म्हाताऱ्या बाईला दुसऱ्या कुणाचा तरी भाऊ देऊन टाकला होता.

"मूर्ख आहे मी," नंदू म्हणाला. मी नाही म्हटलं नाही.

व्हिक्टरला सांगितलं तर तो म्हणाला, सोडून दे, मेट. एकदा तिने सोसलंय, पुन्हा कशाला? आणि वेढ्यातलं मरण काय ऱ्झेव्हपेक्षा बरं असणार आहे? मलाही ते पटलं. मी नंदूला म्हटलं, "जाऊ दे रे. सत्त्याण्णव वर्षांची आहे. तिचे किती दिवस राहिलेत?"

त्याने माझ्याकडे पाहिलं. आमच्या लग्नाला एकवीस वर्षं झाली, तसं कधी पाहिलं नव्हतं. "तुझ्या लॅबमधून चुकीचा रिपोर्ट गेला आणि पेशंट सत्त्याण्णव वर्षांचा असला, तर तू फोन करत नाहीस?"

करते मी. दरवेळी करते.

"आणि नुसतं चुकलो म्हणून नाही सांगायचं," तो म्हणाला. "खरा कोल्या घेऊन जायचं."

मग आमच्या घरात दोन महिने जे चाललं त्याला मी वेढाच म्हणेन. चारला प्लांटवरून आला की अंघोळ, चहा, लॅपटॉप. पहिल्या डिव्हिजनचे कागद नव्हतेच, वेढ्यात त्यांनी स्वतःच जाळले होते. म्हणून तर सगळे सरसकट ‘बेपत्ता’. दोन आठवडे काही मिळालं नाही. तीन आठवडे नाही. सिडनीतल्या कॅसल हिलचा श्रीनिवास, नंदूचा जुना मित्र, व्हिडिओ कॉलवर म्हणाला, "अरे, जग इथे मरतंय आणि तू ऐंशी वर्षांपूर्वीचे मेलेले काय शोधतोस?" नंदूने कॉल बंद केला. मी श्रीनिवासला नंतर चांगलं सुनावलं. माझ्या नवऱ्याला बोलायचा हक्क माझा आहे, बाकी कुणाचा नाही.

चौथ्या आठवड्यात मीच एकदा चिडून विचारलं, "सगळेच मेले का रे त्या वेढ्यात? वेढा पडायच्या आधी कुणी आजारी पडलं नाही, कुणी जखमी झालं नाही?"

नंदूचा चहाचा कप तसाच हवेत राहिला. "जखमी," तो म्हणाला. जखमींची वाट वेगळी असते. कंपनीतला आणणारा त्याला बटालियनच्या ठाण्यावर आणतो, तिथून रेजिमेंटकडे, तिथून डिव्हिजनच्या दवाखान्यात, आणि मग रेल्वेने दूर, मागच्या मोठ्या हॉस्पिटलात. त्या हॉस्पिटलांचे कागद वेढ्यात नव्हते. ते जळलेच नव्हते! लिडियाने स्वतः त्याला ही वाट सांगितली होती, आणि हा गाढव मृतांच्या यादीत बसला होता.

त्यानंतर तो हॉस्पिटलांच्या नोंदी वाचायला लागला. हाताने लिहिलेल्या, पुसट, डॉक्टरी अक्षरातल्या. रशियन डॉक्टरांचं अक्षरही आपल्या डॉक्टरांसारखंच. स्पृहाला दया आली असावी, ती त्याला पानं मोठी करून, काळीपांढरी करून द्यायला लागली. एक दिवस ती माझ्या खोलीत आली आणि म्हणाली, "आई, बाबा इज क्रायिंग. इन अ गुड वे, आय थिंक."

कुझनेत्सोव, निकोलाय पेत्रोविच, जन्म एकोणीसशे एकवीस. रेजिमेंट तीच. गाव तेच. आईचं नाव तेच. तीन ऑक्टोबरला जखमी, म्हणजे वेढा पूर्ण व्हायच्या चार दिवस आधी. मागच्या एका गावातल्या हॉस्पिटलात एकोणीस नोव्हेंबरला मृत्यू. गावच्या दफनभूमीत स्वतंत्र कबर, ओळ आणि क्रमांकासकट. मी कागद दोनदा तपासला. नाव आणि जन्मवर्ष, दोन्ही. आणि सही केल्यासारखं म्हटलं, "जाऊ दे हा रिपोर्ट."

पुढच्या रविवारी आम्ही पुन्हा काचेबाहेर उभे. नंदूने रशियनमध्ये मोठ्या अक्षरांत पत्र लिहून त्याला त्रिकोणी घडी घातली होती. पहिलीच ओळ होती, ‘मी तुम्हाला चुकीचा माणूस दिला, मला माफ करा.’ व्हिक्टर आला होता, पण लांब उभा, हाताची घडी घालून. नर्सने पत्र आत नेलं. मी नंदूचा हात धरला, त्याने काढून घेतला. हे त्याला एकट्यालाच करायचं होतं.

घडी बघून लिडियाची बोटं आपोआप चालली. ऐंशी वर्षांनीही तो कागद कुठून उघडायचा ते त्यांना माहीत होतं. तिने वाचलं. पुन्हा पहिल्यापासून वाचलं. उशाशी ठेवलेला स्मारकाचा फोटो उचलला, आणि मला वाटलं आता फाडणार. तिने तो पुसला आणि परत उशाशी ठेवला. मग फोन घेतला आणि व्हिक्टरची वाट न बघता तिच्या मोडक्या इंग्लिशमध्ये सरळ नंदूशीच बोलली.

"हॉस्पिटल," ती म्हणाली. "तर मग त्याला कुणीतरी आणलं."

"हो," नंदू म्हणाला.

"कुणीतरी ओढत आणलं. माझ्यासारखं कुणीतरी."

"हो."

व्हिक्टर काचेजवळ आला होता. त्याने कपाळ काचेला टेकवलं होतं आणि मास्क भिजला होता.

लिडिया पुढे वाकली. "रायफलसकट?"

हो म्हण, मी मनात म्हटलं. अरे हो म्हण ना, कुणाचं काय जातंय! पण नंदू टिपणीसने मान हलवली. "ते कागदात नाही, लिडिया पेत्रोव्ना. मला माहीत नाही."

ती हसली, दात नसलेलं, तोंडभर. "गुड इंजिनियर," ती म्हणाली. "मी असते तर आणली असती." आणि नर्सला हाक मारून जेवण मागितलं.