कोरड्या बुटांचा साहेब

आमचं गाव हिर्डोशीच्याही पुढं, ओढ्याच्या आडबाजूला. सडक एका काठाला आणि आम्ही दुसऱ्या. मिरगापासून दसऱ्यापर्यंत ओढा कुणाला पलीकडं जाऊ देत नसे. मुलूख भोर संस्थानाचा, पण संस्थानावर नजर पुण्याच्या इंग्रज साहेबांची. थंडी पडली की त्यांतला एखादा दौऱ्यावर निघे, सडकेच्या कडेला तंबू ठोके आणि गाऱ्हाणी ऐके. पावसाळ्यात इकडं फिरकलेला साहेब मी उभ्या आयुष्यात पाहिला नाही.

लग्नाच्या दुसऱ्या वर्षी मला दिवस राहिले. वय असेल पंधरा-सोळा. वेल्ह्याच्या शाळेत चौथी झालेली, आणि ती चौथी नथीसारखी मिरवणारी मी बया! बाळंतपण श्रावणात यायचं होतं. पहिलटकरणीनं माहेरी जायचं, पण आत्याबाईंनी, म्हणजे सासूनं, आधीच बजावलं, "भातलावणीला माणूस कुठनं आणू? लावणी उरकली की जा." लावणी उरकेपर्यंत ओढा भरणार. म्हणजे माझं वेल्ह्याला आईकडं जाणं अडलं होतं साकवावर. साकव म्हणजे ओंडके टाकून केलेला छोटा पूल, जो आमच्या ओढ्यावर कधी झालाच नव्हता.

मामंजी गावचे पाटील. साहेब येतोय म्हटल्यावर त्यांनी साकवाचा अर्ज माझ्याकडून लिहून घेतला. दीड पान लिहिलं. माहेर हा शब्द कुठं घातला नाही, पण ओळीओळीत तोच होता.

मग कचेरीचा शिपाई येऊन सांगून गेला, "सायबाची वाट नीट करा." झालं, गाव कामाला लागलं. ओढ्यात दगड रचले, वर बांबू अंथरले, त्यावर माती चोपली. ती मी शेणानं सारवली, रांगोळी काढली, दोन्ही टोकांना झेंडूच्या माळा लावल्या. ओढा ओलांडता येत नाही म्हणून अर्ज लिहिणारी मीच, आणि त्याच ओढ्याला नवरीसारखं नटवणारीही मीच. ह्या मूर्ख मुलीच्या कानाखाली एक द्यावी असं मला अजून वाटतं.

साहेब आला. अगदी पोरसवदा, नाक उन्हानं सोललेलं, परीक्षा देऊन शिकलेलं घोटीव मराठी. टकटक बूट वाजवत कोरडाठाक अलीकडं आमच्या अंगणात आला, उभ्यानंच अर्ज वाचला आणि म्हणाला, "पाटील, ही वाट तर उत्तम आहे. मग पूल कशासाठी?"

ही वाट तुमच्यासाठी परवाच केली, असं मामंजी कसं सांगणार? पाहुण्याला वाढलेलं ताट शेजारून मागून आणलंय हे कुणी सांगतं का? मी दाराआडून ऐकत होते. तोंड उघडायचं सोडून जावेच्या कानात काय म्हणाले, तर, "बघितलंत? उत्तम म्हणाला!"

ते उत्तम मिरगातल्या एका रात्रीत वाहून गेलं. मुलगी झाली ती सासरीच, आत्याबाईंच्या हातून. पाचव्या दिवशी आई वेल्ह्याहून आली, आधी गाडीतून, मग पायी, ती ओढ्याच्या पलीकडच्या काठापर्यंत. पाण्याच्या आवाजात तिचं बोलणं इकडं येईना, आमचं तिकडं जाईना. आमच्या ह्यांनी लेकीला इरल्याखाली धरून उंच करून दाखवलं. आईनं डिंकाच्या लाडवांचं गाठोडं उंच करून दाखवलं. बराच वेळ उभी राहिली, आणि गाठोडं घेऊन परत गेली.

पुढं सहा-सात वर्षं दर थंडीला साहेब आले, अर्ज घेऊन गेले. नटवलेली वाट तीच, शेरा तोच. पहिला साहेब मात्र बदल्या होत होत वर चढत होता. आणि एका पौषात तोच थोरला साहेब होऊन आला. मला पुन्हा दिवस होते. ह्या खेपेला मी मामंजींना म्हणाले, "एक दगड हलवायचा न्हाई. सायबाला पाणी दिसू द्या."

"आणि सायेब भिजला म्हंजी?"

"भिजू दे की! त्यो काय मिठाचा हाय?"

मामंजींनी ऐकलं. वाट बांधली नाही. पण गावाची खोड जाईल तर! साहेब काठाला आला तसे चौघे जण धावत गेले, खुर्ची आणली, साहेबाला तीत बसवलं आणि खांद्यावर घेतलं. त्या चौघांत आमचे हे! मांडीभर पाण्यातून साहेब पुन्हा कोरडा येतोय, हे बघून माझं डोकंच फिरलं. पदर खोचून काठाला गेले आणि ओरडले, "अहो, तिथंच थांबा! हलू नका!"

हे थांबले, म्हणून बाकीचे तिघेही थांबले. साहेब अधांतरी. अलीकडं आधीच येऊन बसलेला कारकून माझ्यावर धावला, "बाई, अक्कल आहे का?"

"न्हाई," मी म्हणाले. "अर्ज हाय. सायबांनी तिथंच बसून वाचावा."

मी पाण्यात उतरून अर्ज वर दिला. साहेबानं आधी कागद पाहिला, मग खालचं पाणी, मग खुर्चीखाली वाकलेले ह्यांचे खांदे.

"पावसाळ्यात किती?" त्यानं विचारलं.

मी काठावरचा उंबर दाखवला. त्याच्या दुबेळक्यात, दोन फांद्या फुटतात तिथं, गेल्या पुरातला कचरा अजून अडकलेला होता, साहेबाच्या खुर्चीपेक्षाही वर.

"वैनी, आटपा लवकर," मागचा एक जण कण्हला. "पाय बधिर झालं. सायेब लई जड हाय."

ते मात्र साहेबाला नीट समजलं. हसला, आणि खुर्चीतच मांडीवर कागद धरून पेन्सिलीनं चार ओळी लिहिल्या.

चैत्रात ओंडके आले, साकव झाला. साहेबाला तोवर मुंबईला आणखी मोठी जागा मिळाली होती. त्याचे बूट काही त्या साकवावर वाजले नाहीत. माझी पावलं वाजली. लावणी उरकली आणि आठवा महिना सरताना, लेकीचं बोट धरून मी भरल्या ओढ्यावरून चालत गेले, सडकेला उभ्या गाडीत बसले आणि वेल्ह्याला आईच्या दारात उतरले.

आईनं भाकरतुकडा ओवाळून टाकला, मला घरात घेतलं, आणि त्या दिवसापासून जी सुरू झाली! हे खाऊ नको, तिथं बसू नको, कानाला बांध, वारं लागेल, सासरी तुला हेच शिकवलं का? चौथ्या दिवशी मी ह्यांना कार्ड टाकलं, "बाळंत झाले की लगेच न्यायला या."