भावजींचा जपानी माणूस

डहाणू आणि तलासरी हे दोन्ही तालुके पालथे घातले तरी माझ्या धाकट्या दिरांइतका एकनिष्ठ माणूस सापडणार नाही. आणि ही सगळी निष्ठा त्यांनी वाहिली ती एका जपानी नटाला. नायक नव्हे हो, नायकाच्या मागे उभा असतो तो. महायुद्ध संपल्यावर फाटक्या कोटातला सैनिक म्हणून तो पडद्यावर आला, मग चोर झाला, खानावळवाला झाला, सिनेमे रंगीत झाले तसा कचेरीतला कारकून झाला, आणि बहुतेक सिनेमांत निम्म्याच्या आत मेला. तो मेला की भावजी उठत. म्हणत, "आपलं माणूस गेलं, आता थांबून काय करायचं?"

माझं लग्न नवं होतं तेव्हा त्यांनी मला आणि ह्यांना मुंबईच्या एका फिल्म क्लबात नेलं. मी त्या काळी स्वतःला नटीच समजत असे. जपानी सिनेमाला गॉगल लावून गेले, अंधारातही काढला नाही, आणि गाणी कधी लागणार म्हणून ह्यांना कोपराने ढोसत राहिले. नायक जरा देखणा वाटू लागला, तोच भावजींचा माणूस तलवारीखाली आडवा झाला आणि आम्ही तिघं बाहेर! डहाणू रोड येईपर्यंत मी गाल फुगवून बसले होते. भावजींचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. "एकदा तरी तो शेवटपर्यंत जगायला हवा, वहिनी," एवढंच म्हणाले.

तलासरीच्या शाळेतली मास्तरकी संपली, लग्न काही त्यांनी केलं नाही, पण ही इच्छा तशीच राहिली. गेल्या वर्षी माझ्या नातीने मोबाइलवर वाचून सांगितलं, की तो नट जाऊन कित्येक वर्षं झाली. भावजी जेवत होते. ताटावरून उठले आणि डोक्यावरून आंघोळ करून आले. भाऊबंदांतलं मरण उशिरा कळलं तर आमच्यात करतात तशी. मला कुठे राहवतंय? म्हटलं, "भावजी, गोत्र तरी विचारलंत का त्याचं?"

ते केस पुसत म्हणाले, "वहिनी, इतक्यांदा त्याला मरताना पाहिलं, खरा मेला, तेव्हा मला पत्ताही नव्हता."



नातीने मग त्याचा शेवटचा सिनेमा शोधून काढला. भावजी इस्त्रीचा सदरा घालून आमच्याकडे आले आणि रिमोटच्या बटणावर अंगठा ठेवून बसले. पडद्यावर तो आता आजोबा झालेला. तो खोकला की भावजींचा अंगठा ताठ व्हायचा. तो होडीत चढला तेव्हा माझाही जीव खालीवर झाला. नायक कोण होता, मला आजही सांगता येणार नाही. शेवटी म्हातारा घरी आला, दार लोटून घेतलं, चहा ओतला. सिनेमा संपला.

भावजी उठले नाहीत. जपानी अक्षरांत नावं खालून वर जाऊ लागली.

"यातलं त्याचं कुठलं?"

नातीने मान हलवली. ती अक्षरं आमच्यात कोणाला येतात? मी उठले, भिंतीवरच्या टीव्हीपाशी गेले आणि बेधडक एका ओळीवर बोट ठेवलं. भावजींनी हात जोडले. ओळ वर सरकत होती, तसं मी बोटही सरकवत गेले, टाचा उंचावून, पडदा संपेपर्यंत.